भोरडीतलं मानाचं बाक

मुंजाजीनं भरल्या बैठकीत मांडीवर थाप मारली आणि सांगून टाकलं, "वैष्णवीचं वऱ्हाड माझ्याच भोरडीत जाईल! अक्षता बारा-पस्तीसला हायती ना? मी तुमाला बाराच्या आत वरच्या आष्टीच्या थांब्यावर उतरवतो. वाटंत कपातला चहा बशीत सांडला तर मुंजाजी नाव लावणार न्हाई!"

ही बैठक बसली होती वरच्या चकलांब्यात. खालचं चकलांबा सगळ्यांना ठाऊक आहे, ते जमिनीवर आहे. वरचं चकलांबा त्याच्या बरोबर डोक्यावर, ढगांच्या बुडाशी तरंगतं, आणि वाऱ्यानं भरकटू नये म्हणून एका जाड साखळीनं खालच्या पिंपळाला बांधलेलं आहे. आपल्या जिल्ह्यातल्या बहुतेक गावांना असं एकेक वरचं गाव आहे. वरही तीच भाऊबंदकी, तेच पुढारी आणि चौकात तेच वाढदिवसाचे बॅनर. वारा तेवढा जास्त, धूळ तेवढी कमी.

एका वरच्या गावाहून दुसऱ्या वरच्या गावाला जायचं म्हणजे हवेतली नाव हवी. या नावांच्या जाती असतात. गरुड जातीच्या नावेला काचेच्या खिडक्या, पडदे, आत गार हवा, आणि तोंडात सुपारी धरल्यासारखं बोलणारा ड्रायव्हर. घार साहेबलोकांची. आणि ज्याला यातलं काहीच परवडत नाही, त्याची भोरडी. बाभळीच्या लाकडाचं पोट, शेपटाला पाण्याच्या मोटारीसारखा धडधडणारा पंखा, आणि वर भला मोठा फुगा. फुगा कसला, गोधडीच ती! बायकांनी जुनी लुगडी जोडून, बारीक टाक्यांनी शिवलेली. मुंजाजीच्या भोरडीच्या फुग्यात त्याच्या आईचं हिरवं लुगडं होतं, आजीचं इरकली होतं, आणि नाकाजवळ बहिणीच्या परकराचा एक लाल तुकडा होता. ऊन पडलं की फुगा आतून उजळायचा आणि पोटात बसलेल्या माणसांच्या तोंडावर त्या लुगड्यांचे रंग उतरायचे. दिवाळी झाली की कोयते बांधून ऊसतोडीला, कारखान्याला निघालेली बिऱ्हाडं याच भोरडीतून जायची. पोरं रंगीत उजेडात झोपी जायची, आणि मुंजाजी पंख्याचा आवाज मुद्दाम कमी करायचा.

अशा मुंजाजीला नवरदेवाकडून निरोप आला होता, 'नवरीसाठी आमी गरुड पाठवतो.'

गरुड! मुंजाजीच्या अंगाचा तिळपापड झाला. वैष्णवी त्याच्या धाकट्या बहिणीची, रतनबाईची, एकुलती एक लेक. तिचे वडील गेले तेव्हा ती पाळण्यात होती. तिला पहिल्यांदा ढग दाखवला तो मुंजाजीनं, दोरीची गाठ मारायला शिकवली ती मुंजाजीनं.

"नवरीला मांडवात कोण आणतं?" तो बैठकीत कडाडला. "मामा आणतो! आन मामाच हवेतला ड्रायव्हर असताना भाचीनं परक्याच्या गरुडात बसून जायचं? मग मी काय मागनं बॅगा घेऊन यायच्या?"

"दादा, रागावू नको," रतनबाई म्हणाली. "तुझ्याच भोरडीत जाऊ. पर वेळेत पोच म्हंजे झालं. व्याही लई टायमाचे हायती. अक्षतेची वेळ टळली तर जन्मभर ऐकवतील पोरीला."

"टळली तर मला इचार!" मुंजाजी म्हणाला.

आता भोरडी चालते कशी, तेवढं सांगितलं पाहिजे, कारण सगळा घोटाळा तिथंच झाला. भोरडीला वर-खाली करायची वेगळी कळ नसते. माणसं हीच तिची कळ. माणसं पुढं सरकली की नाक खाली जातं आणि ती उतरते; मागं सरकली की नाक वर होतं आणि ती चढते. ड्रायव्हरनं नुसतं ओरडायचं, "दोघं मागं व्हा!" की दोघं मागं होतात. अडाणी म्हातारीलाही हे कळतं. रोज कळतं. पण तीच माणसं लग्नाला निघाली की वऱ्हाडी होतात, आणि वऱ्हाडी माणसाला कुणी 'मागं हो' म्हणायचं नसतं!

लग्नाच्या सकाळी मुंजाजीनं भोरडी धुऊन पुसून, नाकाला आंब्याचा डहाळा बांधून थांब्यावर लावली. मनाशी हिशेब केलेला होता. जड माणसं मध्ये, बायका-पोरं दोन्ही अंगांना सारखी, रुखवताची ताटं मागं. पुढचं बाक मोकळं. एरवीही त्या बाकावर कोंबड्यांच्या खुराड्याशिवाय कुणी नसायचं. वारा थोबाडीत मारल्यासारखा येतो तिथं.

पहिले आले सुंदरराव. नवरीचे चुलते, माजी सरपंच. पण 'माजी' हा शब्द त्यांच्यादेखत उच्चारायची छाती गावात कुणाची नव्हती. कडक इस्त्री, मागं चार माणसं.

"या सुंदरराव! तुमी असं मधी बसा."

"मधी? कावून?"

"तुमचं वजन जरा..."

"माझं वजन तालुक्यात हाय म्हणतोस, आन बसवतोस मधी? नवरीचा चुलता हाय मी!" आणि सुंदरराव सरळ जाऊन पुढच्या बाकावर टेकले. चार माणसं त्यांच्या मागं उभी राहिली. भोरडीनं थांब्यावरच मान थोडी खाली घातली.

तेवढ्यात बबनराव आले. सध्याचे सरपंच. त्यांच्या मागं सहा माणसं. त्यांनी पुढचं बाक बघितलं आणि त्यांच्या कपाळावर आठ्यांचं शेत उगवलं.

"मुंजाजी! सरपंच मागं आन हे पुढं? हा माझा न्हाई, गावाचा अपमान हाय!"

"सरपंच, बाकाला मान न्हाई हो! तिथं कोंबड्या बसत्यात!"

"मग आज कावून त्यांना बसवलं?" बबनराव म्हणाले, आणि सुंदररावांच्या मांडीला मांडी लावून बसले. सहा माणसं मागं उभी. त्यांच्यामागून नवरीची सर्वांत थोरली आत्या, बायनाबाई, दोघांच्या मध्ये बोट घालून म्हणाली, "सरका रं! घरात वडील मी हाय!" बाक दोघांचं. बसले तिघं. तिघांना शोभा यावी म्हणून त्यांच्याभोवती निम्मं वऱ्हाड!

मागच्या टोकाला तोडणीवाली गरीब बिऱ्हाडं मुकाट्यानं रुखवत सांभाळत बसली होती, आणि मधोमध, पिवळ्या शालूत, वैष्णवी.

मुंजाजीनं दोर सोडला. भोरडीनं थांबा सोडला, नाक खाली केलं, आणि वरची आष्टी सोडून ती थेट खालच्या चकलांब्याकडं निघाली.

"मागं सरका!" मुंजाजी ओरडला.

"सरका की मागं!" सुंदरराव बबनरावांच्या माणसांवर ओरडले.

"ऐकू येतं का, मागं सरका म्हणतोय त्यो!" बबनराव सुंदररावांच्या माणसांवर ओरडले.

"काय मेली माणसं हायती, कुणी सरकंना!" बायनाबाई म्हणाली, आणि पदर खोचून आणखी ऐसपैस बसली.

'मागं सरका' हे वाक्य पुढून निघून मागं जाऊन पोचलं आणि शेवटच्या गरीब माणसांनी ते मनावर घेतलं. आधीच शेपटाला टेकलेली ती माणसं बिचारी पंख्याच्या दांड्याला लोंबकळायला लागली! पण पुढच्या मानापुढं त्यांचं वजन ते किती? भोरडी खालच्या चकलांब्याच्या घरांवरून इतकी घासून गेली, की कुणाच्या तरी गच्चीवर वाळत घातलेल्या कुरडया, खालच्या धोतरासकट, नाकावर चढून बसल्या.

"आरं ए मुंजाजी!" खालून एक बाई हातात काठी घेऊन गच्चीभर पळाली. "वऱ्हाड नेतोस का कुरडया चोरतोस?"

मुंजाजीला भोवळ यायची बाकी राहिली. तीस वर्षं हवेत हयात गेली, कुणी चोर म्हटलं नव्हतं! आणि समोर बाभळीची रांग आ वासून उभी. आता अक्कल लढवायलाच हवी होती. त्यानं गळ्याच्या शिरा ताणून आरोळी ठोकली,

"मंडळी, ऐका! पुढं कुरडयांचा खरकटा वास हाय! आज मानाचं बाक मागं हाय! सगळ्यात शेवटचं!"

हे शब्द तोंडातून गेले मात्र! सुंदरराव उठले. बबनराव त्यांच्या आधी उठले. बायनाबाई तर दोघांच्या मधून बंदुकीच्या गोळीसारखी सुटली. सगळा मान धाडधाड पावलं वाजवत पुढून मागं गेला, गरीब माणसं पुन्हा कोपऱ्यात चेंगरली, आणि भोरडीनं नाक आभाळाकडं करून जी उडी घेतली!

बाभळी गेल्या. खालचं गाव गेलं. वरचं चकलांबा डोळ्यांसमोरून, नंतर पायांखालून गेलं. सिंदफणा नदी दिसली, ती पुढं सुतळी झाली, आणि सुतळीही दिसेना. चहाच्या कपांचं तर विचारूच नका. चहा बशीत सांडला नाही, सुंदररावांच्या इस्त्रीवर सांडला. ढगात शिरल्यावर शालू ओले झाले. ढगाच्या वर आल्यावर थंडीनं दात वाजायला लागले. मे महिना असून बायनाबाईनं रुखवतातली चादर काढून पांघरली.

एक गरुड खाली पार दूर सरकत होता. त्याच्या काचांना नाकं लावून माणसं वर बघत होती.

"बघा, गरुडवाले आपल्याकडं मान वर करून बघत्यात!" बबनराव कुडकुडत म्हणाले. "याला म्हणत्यात मान!"

"सरपंच, आपुन चंद्राकडं निघालोय!" मुंजाजीनं कपाळ बडवलं. "आष्टी तिकडं खाली ऱ्हायली! मधी या! पाया पडतो, मधी या!"

"मधी कोण बसतं?" सुंदररावांनी विचारलं.

"कुणीच न्हाई!"

"मग तिथं कावून जायचं?"

मुंजाजीनं कठड्यावर मूठ हाणली. अरे, कोयत्याची बिऱ्हाडं घेऊन तो वादळातून गेलता. पोटुशी बाई, तापलेलं पोर, शेळ्या, कोंबड्या, सगळं घेऊन गेलता. 'मावशी, जरा उजवीकडं' म्हटलं की मावशी उजवीकडं. आणि ही शिकली-सवरलेली, मतं मागणारी, भाषणं ठोकणारी माणसं! यांना एक बाक सोडवत नाही! त्याच्या डोळ्यांत पाणी आलं. थंडीचं होतं, असं तो नंतर म्हणाला.

इतक्यात काय झालं, हनुमान शूटिंगवाला उठला. हा चाळिशीचा, पोट सुटलेला, सदा कंटाळलेला माणूस. कॅमेऱ्यावरचा दिवा लावून तो वैष्णवीचा एक शॉट घ्यायला मधोमध आला. दिवा लागला रे लागला, सुंदररावांनी मान वळवली, मिशी सारखी केली, आणि सहज चालल्यासारखे मध्ये येऊन पुतणीच्या मागं उभे राहिले. सुंदरराव आले म्हणून बबनराव आले. दोघं आले म्हणून सगळे आले. बायनाबाईनं चादर फेकून दिली आणि नवरीच्या डोक्यावर हात ठेवून कॅमेऱ्याकडं बघत उभी राहिली.

आणि भोरडी, आई शप्पथ सांगतो, साळुंकीसारखी सरळ झाली!

वैष्णवी शालू सावरत मामाच्या कानाशी आली. "मामा, ह्यांना तुमचं ऐकू येत न्हाई. ह्यांना कॅमेऱ्याचं ऐकू येतं."

मुंजाजीच्या डोक्यात लख्ख उजेड पडला. "हनुमान! पुढं हो चार पावलं!"

हनुमान पुढं झाला. वऱ्हाड पुढं झालं. भोरडी हळूच उतरू लागली.

"आता मागं दोन!"

वऱ्हाड मागं दोन. भोरडी सावरली.

"आरं, मी शूटिंगला आलतो का गुरं राखायला?" हनुमान करवादला.

"गप ऱ्हा बे! आज तूच माझी कळ!"

तशी ती भोरडी ढगातून उतरली. खाली बालाघाटाचे डोंगर झोपलेल्या गुरांच्या पाठींसारखे पसरले होते. फुग्यावर ऊन पडलं, आणि आईच्या लुगड्याचा हिरवा रंग वैष्णवीच्या पिवळ्या शालूवर येऊन बसला. रतनबाईनं डोळे मिटले आणि हलक्या आवाजात ओवी धरली:

"आभाळाच्या वाटंवरी कुणाचं गं जातं तारू,
हाकी माझा भाऊराया, आत लेकीचं पाखरू."

बायकांनी ओढून सूर दिला. मुंजाजीनं पंख्याचा आवाज कमी केला. वाटलं, झालं गेलं ढगात गेलं. घड्याळात बारा वाजायला आले होते आणि समोर वरची आष्टी दिसत होती, नीट, झगझगीत, पताका लावलेली. आता फक्त सरळ जायचं होतं. सरळ!

पण थांब्यावर व्याह्यांनी स्वागताची तयारी केली होती. टायमाची माणसं ती. थांब्याच्या अगदी कडेला, लाल गालिच्यावर, गुलाबी फेट्यांची ताटं घेऊन माणसं उभी. हातात हार. माईकवर वरच्या आष्टीचे थांब्याचे कंट्रोलर, उत्तरेश्वर, घसा खरवडून बोलत होते, "नवरीकडील मान्यवर मंडळींचं हार्दिक स्वागत! जे मान्यवर प्रथम उतरतील त्यांना मानाचा पहिला फेटा..."

"हनुमान, मागं जा!" मुंजाजी किंचाळला. "मागं! शेपटाला!"

हनुमान शेपटाला गेला. दिवा लावला. हातवारे केले. पण फेट्यापुढं कॅमेऱ्याचं काय चालतंय? सुंदररावांनी धोतराचा सोगा खांद्यावर टाकला आणि धावले. बबनराव त्यांच्या बगलेतून धावले. बायनाबाई म्हणाली, "बाईच्या जातीला फेटा बांधत्यात का?" आणि उत्तराची वाट न बघता धावली. सगळा मान पुन्हा नाकावर!

भोरडीनं थांब्याला जेमतेम नमस्कार केला आणि गालिच्याच्या खालून, ताटांच्या खालून, उत्तरेश्वरांच्या उघड्या तोंडाखालून बुडी मारली. वऱ्हाडानं वरच्या आष्टीची खालची बाजू बघितली. नळांचे पाईप, कुणाच्या खिडकीतून लोंबणाऱ्या चड्ड्या, गावाची साखळी. मग ती साखळीही वर गेली, आणि खालच्या आष्टीच्या जनावरांच्या बाजाराचं मैदान समोरून धावत आलं. बाजाराचा वार नव्हता, एवढंच नशीब. कडब्याच्या एका गंजीत नाक खुपसून भोरडी शांत बसली.

कुणाला खरचटलंसुद्धा नाही. पण मुंजाजीच्या काळजाचं पाणी झालं. नवरी खाली, नवरा वर, आणि अक्षतेला थोडाच वेळ. त्याला तोंड दाखवायला जागा उरली नाही. भाचीला मांडवात वेळेवर नेणारा मामा! कडब्यात नेली!

"कुणी उतरू नका!" तो भानावर येऊन ओरडला. "आधी वाळूची पोती चढवू द्या! माणसं उतरली की भोरडी हलकी..."

"पहिल्यांदा कोण उतरतं ह्याला महत्त्व हाय," सुंदरराव म्हणाले, आणि उडी मारली. बबनरावांनी मारली. मग कोण थांबतंय! वऱ्हाड धबाधबा उतरलं. रतनबाईनं दादाकडं बघून हात जोडले, पण गर्दीनं तिलाही बाहेर ढकललं. सर्वांत शेवटी वैष्णवीचा पाय जमिनीला टेकला, तशी भोरडी कडब्याची एक पेंढी नाकात धरून एकट्या मुंजाजीला घेऊन वर निघाली.

"वैष्णे! दोर धर!"

त्यानं दोर फेकला. पिवळ्या शालूतली नवरी चार ढांगांत धावली, दोर झेलला, आणि मैदानातल्या हापशाच्या दांड्याला दोन वेढे देऊन तिनं अशी गाठ मारली, की भोरडी वर हिसका खाऊन थांबली. लिंबाच्या शेंड्याइतक्या उंचीवर मुंजाजी पतंगासारखा डुलत राहिला.

खाली मात्र सगळं भराभर जमलं. व्याह्यांनी पाहिलं, की नवरीला वर न्यायला वेळ नाही. ते गरुडातून भटजी, माईक, अंतरपाट आणि आपला नवरदेव सोमेश्वर घेऊन खाली उतरले. सोमेश्वर भला पोरगा होता. घोड्याशिवाय, बँडशिवाय, कडब्यातून चालत आला आणि वैष्णवीला म्हणाला, "लागलं का तुमाला कुठं?" बाजारातल्या एका चहावाल्यानं चार खुर्च्या दिल्या. एक खुर्ची दुसरीच्या वीतभर पुढं पडली, आणि त्या वीतभरासाठी सुंदरराव-बबनरावांची माणसं हमरीतुमरीवर आली.

"आरं मला खाली वढा!" वरून मुंजाजी बोंबलत होता. "मामा हाय मी! नवरीचा मामा!"

भटजींनी माईक हातात घेतला. "मुलीच्या मामांनी मुलीला घेऊन यावं. मुहूर्ताला उशीर करू नये. मुलीचे मामा कुठं असतील तिथून..."

"वर हाय!" मुंजाजीनं आभाळ डोक्यावर घेतलं.

"मामा हजर दिसत न्हाईत," सुंदरराव घसा साफ करून पुढं झाले. "ती जबाबदारी मी स्वीकारतो."

"गावाचा प्रथम नागरिक या नात्यानं ती माझी हाय!" बबनराव पुढं झाले.

तीस वर्षं! मुंजाजीनं कठडा दोन्ही हातांनी आवळला. फेटा घ्या. बाक घ्या. खुर्च्या डोक्यावर घेऊन नाचा! पण मामापण? ज्या हातानं पोरीला चालायला शिकवलं, त्या हाताची जागा ही माणसं घेणार? आणि तो वरून बघणार, कावळ्यासारखा?

वैष्णवी बोहल्याच्या जागेवर, दोन पेंढ्यांच्या मध्ये उभी होती. तिनं वर बघितलं. मग आवाज चढवून म्हणाली, "माझा मामा खाली आल्याबिगर मी उभी ऱ्हाणार न्हाई. वेळ टळली तर टळू द्या!"

व्याह्यांनी घड्याळाकडं बघितलं. भटजींनी व्याह्यांकडं बघितलं. सोमेश्वर म्हणाला, "बरोबर हाय तिचं."

मग वैष्णवीनं हनुमानला नुसतं डोळ्यानं खुणावलं. हनुमान आता शहाणा झालेला. तो हापशाजवळ गेला, गुडघ्यावर बसला आणि दिवा लावला.

"दोर वढतानाचा एक शॉट घेऊ," तो म्हणाला. "ज्याचा हात पुढं, त्योच दिसंल."

झालं! सुंदररावांचा हात दोरावर. बबनरावांचा त्याच्या वर. बायनाबाईचा दोघांच्या वर. सगळं वऱ्हाड दोराला झोंबलं आणि 'हेऽऽ' करत भोरडीला असं खाली आणलं, जसं विहिरीतून मोटच काढावी! मुंजाजीला लोकांचे चेहरे दिसायला लागले. सगळे कॅमेऱ्याकडं बघून हसत होते.

"आता घट धरा!" तो म्हणाला. "मी उतरलो की ही पाखरावानी सुटंल! दोघंतिघं आत चढा, वजनाला!"

"आत कॅमेरा हाय का?" बबनरावांनी विचारलं.

नव्हता. कुणीच चढलं नाही. भटजी ओरडले, "वेळ आली!" वैष्णवीनं हात वर केला, मेंदीचा, बांगड्यांनी भरलेला. मुंजाजीनं एकदा आईच्या हिरव्या लुगड्याकडं बघितलं, एकदा त्या हाताकडं. आणि मारली उडी.

त्यानं भाचीचा हात धरला. हनुमाननं मामा-भाचीवर कॅमेरा वळवला. कॅमेरा वळला तसे दोराचे सगळे हात सुटले आणि सगळे मामा-भाचीच्या मागं येऊन उभे राहिले! भोरडीनं एक हिसका दिला. वैष्णवीची गाठ काही सुटली नाही. ती गाठ मामानं शिकवलेली होती. हापशाचा दांडाच निसटला! आणि दांडा लोंबकळवत, नाकावर कुरडया, तोंडात कडबा घेऊन, भोरडी सरळ वर गेली.

मुंजाजी नवरीच्या पाठीशी उभा होता. मंगलाष्टकं चालली होती. ती लुगड्यांची गोधडी उन्हात उजळत लहान लहान होत गेली, आधी भोपळ्याएवढी, मग बोराएवढी. त्याचं सगळं आयुष्य त्या बोरात होतं. पण खांद्याला पोरीचा खांदा लागला होता, आणि तो हलला नाही. 'सावधान' झालं. सगळे वरच बघत होते, म्हणून सगळ्यांनी अक्षता वर फेकल्या. त्या आपल्याच डोक्यांवर पडल्या. वेळ बरोबर बारा-पस्तीसची होती. रतनबाई भावाच्या पायाशी बसून रडली आणि हसली.

पाया पडणं चाललं असतानाच मुंजाजीचा फोन वाजला. वरच्या आष्टीहून उत्तरेश्वर कंट्रोलर.

"मुंजाजी, कुठं हायस बे? गड्या, मघाशी बुडी मारलीस, पर आता काय गाडी लावलीस! वारा धरून सरळ आली, धक्का न्हाई, हिसका न्हाई, तांदळाचा दाणा हलला न्हाई. एवढ्या वर्षांत थांब्याला अशी भोरडी लागलेली मी बघितली न्हाई! पर आतनं कुणी उतरंना झालंय."

मुंजाजीनं मान वर करून आष्टीकडं बघितलं. तीस वर्षांच्या ड्रायव्हरशिवाय! एकटी! वऱ्हाड नाही, मान नाही, आणि मुंजाजीही नाही, तर म्हणे तांदळाचा दाणा हलला नाही!

"आन ऐक," उत्तरेश्वर पुढं म्हणाले, "फेटेवाले सकाळपास्नं ताटकळले होते. कुणी उतरंना, मग किती वाट बघायची? मानाचा पहिला फेटा भोरडीच्या नाकालाच बांधला. हार घातला. फोटोबी काढला. लई शोभतोय."

फोन बंद झाला. सुंदरराव केव्हाचे कान देऊन जवळ उभे होते. फेटा हा शब्द तेवढा त्यांच्या कानावर पडला होता.

"काय म्हणत होता?" त्यांनी हळूच विचारलं. "पहिला फेटा कुणाला बांधला?"

मुंजाजीनं कपाळावरची अक्षत पुसली.

"जे सगळ्यात पुढं होतं, त्याला."

सुंदररावांनी गर्रकन वळून बबनरावांच्या डोक्याकडं बघितलं.